आपली जादू आपल्याला लागू नाही

गुरुजी, आज माझ्या वर्गातल्या एका पोरीनं विचारलं, "बाई, परीच्या अंगात जादू येती कुठून?" तुम्हाला जाऊन इतकी वर्षं झाली, मी स्वतः कळमनुरीजवळच्या शाळेत शिकवायला लागले, तरी ह्या प्रश्नाला तुम्हीच पुढं व्हावं असं वाटलं. म्हणून घरी आल्याबरोबर लिहायला बसले.

सातवीतला शनिवारचा शेवटचा तास. पुस्तक मिटून तुम्ही म्हणता, चला, आपलं एक जादूचं राज्य करू. आम्ही उड्याच मारतो. कोणी राजा होतं, कोणी उडता बैल आणतं. तुम्ही मात्र एकच धरून बसलेले, "जादू येते कुठून, ते आधी सांगा." एक पोरगं म्हणालं, जमिनीखालून, मोटर लावून. "बरं. मोटर कोणाची? पाइप कोणाच्या रानातून जाणार? पाळी कोण लावणार?" झालं! राज्य राहिलं बाजूला, वर्गात भांडण जुंपलं. दोघं तर बापाच्या बांधावरून एकमेकांच्या अंगावर गेले. मी वैतागून ओरडले, "हातात असती जादू! पण सोताच्या कामाला चालत न्हाई, दुसऱ्याच्याच चालती." तुम्ही विचारलं, मग कसं करायचं? मी म्हणाले, "सावड करायची. आज मी तुझ्या रानात राबायचं, उद्या तू माझ्या." तुम्ही शहरात वाढलेले. सावड ऐकून इतके खुश झालात, की फळ्यावर मोठ्या अक्षरात राज्याचा कायदाच लिहिलात: आपली जादू आपल्याला लागू नाही.

पुढच्याच आठवड्यात मायचा हात मोडला. बाप मेंढरं घेऊन लांब गेलेला, कापसात गवत माजलेलं. माय म्हणाली, आता शाळा बंद, खुरपं धर. परत कधी जाऊ विचारलं तर म्हणाली, "बघू." पोरीच्या शाळेबाबत 'बघू' म्हणजे काय, ते तुम्हाला ठाऊक होतं. सोमवारपासून येणार न्हाई म्हणून सांगायला आले, तर तुम्ही माझ्यावरच डाफरलात, "मग राज्य काय फळ्यावरून पुसायला काढलं होतं का गं?" मला लई राग आला तुमचा. हात काय मी मोडला होता?

आणि रविवारी सकाळी आख्खी सातवी खुरपी घेऊन आमच्या बांधावर! पुढं तुम्ही, पँट गुडघ्यापर्यंत दुमडलेली. गाणी म्हणत, एकमेकांवर ढेकळं फेकत दुपारपर्यंत रान साफ. माय गळ्यात हात बांधून बांधावर बसलेली. वाटलं, आता कौतुक करील. तर ती म्हणते, "अगं बाई, एवढ्याइची सावड फेडाया लागंल की! एकेकाच्या रानात एकेक दिवस. मग शाळंत कवा जाशील?"

सावडीचं आम्ही अर्धंच धरलं होतं. हात घेतले, फेडायचं डोक्यातच नव्हतं. मला शाळेत ठेवायला आलेल्यांनीच माझी शाळा बुडवायची सोय केली होती. तुमचं तोंड तर बघण्यासारखं झालं होतं, गुरुजी.

मग वर्गातलं एक पोरगं म्हणालं, "आसं करू ना, दर ऐतवारी सगळेच एकाच्या रानात. सगळ्याइची बराबर फिटती, अन् शाळा बी बुडत न्हाई." मायनं मान हलवली. तेवढ्यात माझ्या शेजारी बसणारी मैत्रीण हळूच म्हणाली, "आमाला तर रानच न्हाई. आमची पाळी येणार कशी?" आमच्या कायद्यात ह्याला उत्तरच नव्हतं. मायनंच सोडवलं. "रान न्हाई तर भिंती हाईत ना? दसऱ्याआधी सारवू."

तसंच झालं. मूग तोडले, कापूस वेचला, तिच्या घराच्या भिंती सारवल्या. निम्मं शेण भिंतीला, निम्मं एकमेकांच्या अंगाला. शेवटी तुमची पाळी आली. आम्ही विचारलं, "गुरुजी, तुमचं काय काम करू?" तुम्ही म्हणालात, "रविवारी सगळे वर्गात बसा. गणित घ्यायचंय." मनातल्या मनात काय शिव्या दिल्या असतील तुम्हाला! पण एकानंही दांडी मारली नाही.

आज त्या पोरीला मी उत्तर दिलंच नाही. म्हटलं, तूच सांग, आपण राज्य करू. ती म्हणाली, जादू आज्जीच्या गोधडीत असती. लगेच दुसरी म्हणाली, मग ज्याला आज्जी न्हाई त्यानं काय करायचं? तास संपला तरी भांडण संपेना, अन् मला इतकं बरं वाटलं की काय सांगू.

हे पत्र कुठं टाकायचं नाहीच, म्हणून सांगून टाकते. तुम्ही सगळ्यांना कौतुकानं सांगायचात, ह्या पोरीला शाळेची लई ओढ, हिच्यासाठी वर्ग राबला. खोटं आहे ते. माय शाळा बंद म्हणाली, तेव्हा मी आतून खुशच झाले होते. मला शाळा आवडतच नव्हती. रविवारी तुम्ही सगळे माझ्या बांधावर चढताना दिसलात, तेव्हा पहिल्यांदा वाटलं, ह्यांच्यातून उठून जायचं न्हाई.