एकोणतीस अंडी

सोमवार, ११ फेब्रुवारी. सकाळी ९:४०
आजपासून कडक अभ्यास. परीक्षा १२ मार्चला. एकच विषय उरलाय, आंतरराष्ट्रीय खाजगी कायदा. तो सुटला की मी वकील. एकूण अठरा टॉपिक. रोज एक केला तरी महिनाअखेर संपतात, वर अकरा दिवस उजळणीला. सहा वर्षांच्या डिग्रीला मला नववं वर्ष का लागलं असं लोक विचारतात. लोकांना कामं नाहीत.

स्वयंपाकघरात गेलो आणि शिसारी आली. नाहुएलने (रूममेट. सायकॉलॉजी, दुसरं वर्ष, तोंड मात्र प्रोफेसरचं) येर्बाच्या (आमचा कडू चहा, वाळक्या भोपळ्यात घालून नळीने ओढायचा) भोपळ्यातला पाला तीन दिवस फेकला नाहीये. वर हिरवी बुरशी, केसाळ. काल तो त्यातूनच चहा ओढत होता. शिवाय नळ ठिबकतो. या घाणीत बसून कायदा शिकायचा.

दुपारी ४
टाइमटेबल तयार. पाच रंग. भिंतीवर लावलं. आज एवढं पुरे.

मंगळवार, १२ फेब्रुवारी
टॉपिक १ झाला. पाठ.
उशीवर केस. पुष्कळ. या रोसारियो शहराचं पाणी. पाराना नदीत काय काय सोडतात देव जाणे. नाहुएल म्हणाला, लेका, पाणी मीपण तेच पितो. त्याच्या डोक्यावर जंगल आहे. अपवाद.

शुक्रवार, १५ फेब्रुवारी
टॉपिक १ पुन्हा. पाया पक्का हवा.

आईचा व्हॉइस मेसेज, सात मिनिटांचा. बाबांनी पितळेची पाटी करून आणली. ‘डॉ. एझेकिएल ट्रोस्सेरो, वकील’. आमच्याकडे वकिलालाही डॉक्टर म्हणतात. बाबांनी ती आमच्या हार्डवेअरच्या दुकानात, काउंटरच्या खालच्या खणात ठेवलीय. माणूस पाव किलो खिळे घ्यायला आला तरी बाहेर काढून दाखवतात आणि बोटं लागली म्हणून पुन्हा पॉलिश करतात. आई म्हणाली, या वेळी आम्ही सगळे येतोय रे बाळा, तुला अंडी मारायला.

आमची ही एक घाणेरडी प्रथा. शेवटचा विषय सुटला की पोरगा बाहेर येतो, दारात घरचे टपून असतात आणि त्याला अंडी, मैदा, मोहरीची चटणी, हाताला लागेल ते फासतात. आनंदाने. डिग्री मिळालेला माणूस कचराकुंडीसारखा दिसत घरी जातो.

जुलैत येणार होते तेव्हा मी सांगितलं की संप आहे. डिसेंबरात सांगितलं की मॅडम आजारी आहेत. दोन्ही तत्त्वतः खरं. त्या महिन्यात कुठे ना कुठे संप होताच, आणि परीक्षा घेणाऱ्या साराविया मॅडम त्या दिवशी खोकत होत्या. मी दाराबाहेरून स्वतः ऐकलं.

सोमवार, १८ फेब्रुवारी
टॉपिक १. नव्या दृष्टीने.
ही परीक्षापद्धतच मुळात किळसवाणी. टेबलावर हौजीसारखं जाळीचं पिंप, त्यात अठरा लाकडी गोट्या. हजारो घामट हात लागलेल्या. दोन काढायच्या, त्यातल्या एका नंबरावर बोलायचं. तोंडी. दार उघडं, कोणीही यावं, मागच्या बाकावर बसून ऐकावं. ही परीक्षा नाही, जत्रा आहे. मी विरोध करतो तो तत्त्वासाठी. मला टेन्शन अजिबात नाही.

बुधवार, २० फेब्रुवारी
नाहुएलने फसवून वर्कशॉपला नेलं. मला म्हणाला, फुकट सँडविच आहेत. फॅकल्टीचा, म्हणजे आमच्या लॉ कॉलेजचा ‘विद्यार्थी आधार कक्ष’, विषय ताणतणाव. तीस जण चटयांवर उताणे, मोजे काढून. फेब्रुवारीचा उकाडा, साठ उघडे पाय. वासाबद्दल लिहीत नाही. इरुपे कार्दोसो नावाची समुपदेशक सांगत होती, पोटातून श्वास घ्या. त्या हवेत श्वास नाकातूनही घेऊ नये. शेजारची मुलगी रडायला लागली. तिच्या शेजारचा तिला बघून रडायला लागला. गळकी पोरं.

या शहरात प्रत्येकाला थेरपिस्ट आहे. कोपऱ्यावरचा बेकरीवालासुद्धा ‘माझी थेरपिस्ट म्हणते’ असं म्हणत म्हणत पाव तोलतो. आमच्या गावात असली थेरं नव्हती. आमचा ओस्कार काका बारा वर्षं घराबाहेर पडला नाही, पण कोणी टेन्शनबिन्शन म्हटलं नाही. त्याला घर आवडायचं, एवढंच.

सँडविचमधलं मेयोनीज आंबलेलं होतं. दोन खाल्ली.

सोमवार, २५ फेब्रुवारी
नाहुएलने आगाऊपणा केला. हरभऱ्याच्या अठरा दाण्यांवर पेनने नंबर घातले, बरणीत टाकले आणि म्हणाला, काढ, वकीलसाहेब. सात नंबर निघाला. परदेशातलं लग्न आणि घटस्फोट. मी वीस मिनिटं बोललो, कलमांसकट. मग अकरा. मग तीन. मग गंमत म्हणून सगळे. अठरापैकी अठरा. नाहुएल पुस्तक धरून बसला होता, त्याला एकही चूक सापडली नाही. म्हणाला, तुला हे कधीपासून येतं? म्हटलं, गेल्या हिवाळ्यापासून, जुलैपासून. त्याने पुस्तक मिटलं. म्हणाला, एझे, मग तुझा प्रॉब्लेम अभ्यासाचा नाहीच आहे.

तेच तर मी सांगतोय! प्रॉब्लेमच नाही.

नंतर त्याने ते हरभरे रात्रीच्या रश्शात टाकले. शाईसकट. शी.

गुरुवार, २८ फेब्रुवारी
बस फॅकल्टीच्या कोपऱ्यावर वळली आणि मला उलटी झाली. उतरायचंही नव्हतं तिथे, मी बाजारात चाललो होतो. एका आजीबाईंनी पिशवी दिली आणि विचारलं, परीक्षा आहे का रे पोरा? म्हटलं, दुपारचं मिलानेसा बाधलं.
नाहुएलनेही तेच खाल्लं होतं. तो ठणठणीत. डुकराचं पोट आहे त्याचं.

मंगळवार, ५ मार्च
कार्निव्हलची सुट्टी. रंगीत तालीम करावी म्हणून फॅकल्टीपर्यंत चालत गेलो. दार बंद, आत कोणी नाही, पायऱ्यांवर कबुतरांची विष्ठा. तरी हाताला कंप सुटला, कान बधिर झाले. कॉफी बंद करायला हवी. परत येताना थोडा धावलो. व्यायाम म्हणून.

बुधवार, ६ मार्च
एक सत्कार्य केलं. आधार कक्षात जाऊन नाहुएलसाठी अपॉइंटमेंट घेतली. त्याला गरज आहे, सतत दुसऱ्याच्या डोक्यात नाक खुपसतो.

कार्दोसोबाईंनी विचारलं, मित्राला काय होतंय. म्हटलं, झोप नाही, केस गळतात, फॅकल्टी दिसली की ओकतो, विषय मात्र तोंडपाठ. (नाहुएलला हे काहीच होत नाही, पण काहीतरी सांगावं लागतं.) मग विचारलं, नेमकी भीती कसली वाटते त्याला? म्हटलं, त्याला वाटतं की नाव पुकारलं, आत गेला, गोटी काढली, तर आवाजच फुटणार नाही आणि सगळ्यांना कळेल. काय कळेल, म्हणाल्या. म्हटलं, मला काय माहीत, त्याला विचारा.

बाई बराच वेळ माझ्या हातांकडे बघत होत्या. हात स्वच्छ होते. पुढच्या बुधवारची, दहाची वेळ लिहून घेतली आणि म्हणाल्या, मित्राला सांगा, परीक्षेच्या दिवशी जमलं नाही तर सरळ इकडे या, दार उघडंच असतं. निघताना दारापर्यंत आल्या. एवढा लळा मला आवडत नाही. ‘आधार कक्ष, बुधवार, दहा’ अशी चिठ्ठी लिहून फ्रिजवर लावली.

सोमवार, ११ मार्च. संध्याकाळी ६
उद्या नऊ वाजता. साडेनऊला वकील. पावणेदहाला अंडी.
आईचा मेसेज: तीस अंड्यांचा अख्खा ट्रे, दोन किलो मैदा, मोहरीच्या तीन बाटल्या. रोसिनाला (बहीण, सतरा वर्षांची, रानटी) अंडी चार दिवस उन्हात ठेवायची होती. आईने हाणून पाडलं, फ्रिजमध्ये ठेवली. पहिलं अंडं बाबा मारणार. नऊ वर्षं वाट बघितली म्हणून त्यांचा मान.
जुना टी-शर्ट काढून ठेवला. टाइमटेबल खाली काढलं, त्याची आता गरज नाही. टॉपिक १ नजरेखालून घातला.

मंगळवार, १२ मार्च. दुपारी ४
तपशीलवार लिहून ठेवतो, नाहीतर लोक पुढे गैरसमज करून घेतात.

८:५० ला कॉरिडॉरमध्ये हजर. यादीत पाचवा. बाकाला वार्निशचा तोच डिसेंबरातला वास. कोणीतरी लसूण खाऊन आलं होतं. एक मिनिट तोंड धुवायला गेलो. कडी अडकली. मी फार जोर लावला नाही, सरकारी मालमत्ता आहे. खाली फिनेल, कोपऱ्यात कोणाचा तरी ओला रुमाल, भिंतीवर इतिहासातल्या सगळ्या नापासांच्या शिव्या. कॉरिडॉरमधून माझं नाव आल्यासारखं वाटलं. एकदा. कदाचित तीनदा. अकराच्या सुमारास कडी आपोआप निघाली.

मागच्या जिन्याने उतरलो. तो जिनाही शेवटी त्याच दारात उघडतो. कोणा गाढवाने बांधलीय ही इमारत.

माझा चेहरा पांढरा होता (लसूण), डोळ्यांत पाणी (फिनेल). आई मला बघून किंचाळली, माझा डॉक्टर! आणि बाबांचा मान विसरून पहिलं अंडं तिनेच कपाळावर फोडलं. मी सत्य सांगायला तोंड उघडलं होतं, याची इथे नोंद असावी. रोसिनाने त्यात मोहरी मारली. मग मैदा. मग तिघीचौघी अनोळखी पोरीही मारायला लागल्या, या प्रथेत ओळख लागत नाही. रस्त्यावरच्या बसने हॉर्न वाजवला. नाहुएल कडेला उभा होता, अंडं न उचलता. त्याने भुवईने विचारलं. मी मैद्याकडे बघितलं. आई अंड्यासकट गळ्यात पडली आणि इतकी रडली की मैद्याची कणीक झाली. म्हणाली, आता मी मेले तरी चालेल. कानात बलक, नाकात बलक. आयुष्यात इतका घाण मी कधीच नव्हतो.

बाबा सगळ्यांत शेवटी आले. आतून, मोठ्या जिन्याने, कठड्याला धरून. हातात एक अंडं, सकाळीच ट्रेमधून बाजूला काढलेलं. सगळ्यांनी आरडाओरडा केला, मारा, मारा! त्यांनी माझ्याकडे बघितलं आणि अंडं कोटाच्या खिशात ठेवलं. म्हणाले, खांदा धरलाय. कुठे होता इतका वेळ, आईने विचारलं. आत जरा टेकलो होतो, म्हणाले.

मला राग आला. लोकांचे बाप नाचतात. रोसिना सगळ्यांना सांगत होती, तीसच्या तीस मारली. एकोणतीस. मला लागत होती, मला माहीत.

जेवून आई आणि रोसिना बसने गावी गेल्या, दुकान बंद ठेवता येत नाही. बाबा पिकअप घेऊन थांबलेत. म्हणाले, तुमचा नळ ठिबकतोय.

पुढचा प्लॅन: मे महिन्यात गुपचूप परीक्षा देऊन टाकायची. कोणाला कळायचं कारण नाही. तत्त्वतः मी वकीलच आहे, नोंद तेवढी व्हायची राहिलीय. तीनदा आंघोळ केली. वास जात नाही.

बुधवार, १३ मार्च. सकाळी ८:१५
नळ थांबला. इतकं शांत वाटलं की जाग आली.

बाबा स्वयंपाकघरात. येर्बाचा भोपळा घासून उपडा ठेवलेला. तव्यावर एक अंडं. तेच, खिशातलं. ताटलीत घालून माझ्यासमोर ठेवलं. म्हटलं, बाबा, अंड्याचं नावही नको, मळमळतंय. म्हणाले, खा, रिकाम्या पोटी जाऊ नये. कुठे, म्हटलं. त्यांनी फ्रिजवरच्या चिठ्ठीकडे बोट केलं. म्हटलं, ते नाहुएलचं आहे. म्हणाले, अक्षर तुझं आहे.

मग नळाचा पाना पुसत, माझ्याकडे न बघता म्हणाले, मी मागच्या बाकावर बसलो होतो. मुलगा वकील होताना ऐकायचा होता. परीक्षेच्या बाईंनी तीनदा नाव पुकारलं. तिसऱ्यांदा वाटलं, मीच हो म्हणावं.

मी कडीचं सांगायला लागलो. ऐकून घेतलं. कडीबद्दल हार्डवेअरवाल्याला सांगत होतो, हे मध्येच माझ्या लक्षात आलं.

म्हणाले, ओस्कार बारा वर्षं त्या खोलीत होता. माझा सख्खा भाऊ. मी दाराशी जेवण ठेवायचो. आत जाऊन एकदाही विचारलं नाही, काय होतंय तुला. आता तोही नाही.

पाटीचं काय, मी विचारलं. म्हणाले, पितळ आहे, कुजत नाही. आईला मात्र तूच सांग. आजच. ते मी करणार नाही.

अंडं खाल्लं. मीठ कमी होतं.

११:१०
बाबा खाली पिकअपमध्ये बसून होते. वर बाकाला तेच वार्निश. दार उघडलं आणि कार्दोसोबाईंनी पुकारलं, नाहुएल. कोणी उठलं नाही. हात मांडीखाली दाबून बसलो. पुन्हा पुकारलं, नाहुएल. कॉरिडॉरच्या टोकाला ते संडासाचं दार दिसत होतं. कडी व्यवस्थित होती.

तिसऱ्यांदा पुकारायच्या आत उठलो. म्हटलं, नाव चुकलंय. म्हणाल्या, माहीत आहे, या.

आत जाताना पोटात भयंकर ढवळलं. अंडं ताजं होतं.