घडी

गुरुवार, दुपार

प्रिय ताई,

नमस्कार. मी मजेत. तू कशी आहेस हे विचारायला फोन करत होते, पण तू उचलत नाहीस, म्हणून हे पत्र. मुद्दाम कुरिअरने, तुझ्या औषधांच्या दुकानाच्या पत्त्यावर पाठवते आहे, म्हणजे ते आधी तुझ्याच हातात पडेल.

तुझं पत्र मिळालं. टाइप केलेलं, खाली फक्त तुझी सही. 'सदर विनोद कार्यक्रमातून वगळावा.' ताई, तू आयुष्यात कधी 'सदर' म्हणाली आहेस का? भाऊजींना सांग, पत्र पोचलं. आणि विनोद मी वगळणार नाही.

इकडची खबर अशी की शनिवारी मोठ्या हॉलमध्ये माझ्या विनोदाच्या कार्यक्रमाचं रेकॉर्डिंग आहे. तिकिटं संपली. भाजीवाला हल्ली फोटो काढून घेतो आणि कोथिंबीर फुकट देतो. बँकेत एका बाईंनी मला बघून मुलीचे कान झाकले, मग स्वतःच हळूच येऊन म्हणाल्या, "तो हँगरवाला लई भारी होता." लग्नाचं विचारू नकोस. मागच्या महिन्यात एकाबरोबर जेवायला गेले, तर पाणी प्यायच्या आधी त्याने विचारलं, "हे स्टेजवर येणार का?" मी म्हटलं, तेवढं मजेदार काही केलंस तर येईल. बिचारा पूर्ण जेवणभर नीट बसून होता.

आता मुद्द्याचं. तो विनोद माझ्या दातांच्या डॉक्टरवरचा आहे. चार महिने आम्ही भेटत होतो, हे तुला माहीत आहे. मी पलंगावर वाट बघते आहे आणि हा गडी पँटची घडी घालून हँगर शोधतोय. एवढंच. त्यात ना विमा कंपनी, ना मिशा, ना भाऊजींचं नाव. भाऊजींच्या विमा ऑफिसात कुणीतरी माझी क्लिप लावली, सगळे हसले, तेव्हा भाऊजींनीही हसून चहा प्यायचा होता. ते उठून ओरडले, "माझ्या घरातलं चव्हाट्यावर आणलं." तोवर हा विनोद त्यांच्यावर असेल हे कुणाच्या डोक्यातही नव्हतं. आता सगळे त्यांच्या पँटकडे बघतात, त्याला मी काय करू?

हसू येतं आहे ना? मला येत होतं, तुझं पत्र येईपर्यंत.

निर्माता म्हणाला, घरचं प्रकरण असेल तर काढून टाक, तुझ्याकडे माल भरपूर आहे. मी नाही म्हटलं. का, ते त्याला सांगितलं नाही. तुला सांगते.

नवीन विनोद मी आधी तुझ्यावर करून बघते, हे आपलं नेहमीचं. तसाच हाही, दुकानाच्या मागच्या खोलीत, खोक्यावर बसून. शेवट जमत नव्हता. तू बाटल्यांना किमतीची लेबलं लावत होतीस. मान वर न करता म्हणालीस, "सकाळपर्यंत पँटची घडी मोडली नाही, आणि माझीही." मी हसून खोक्यावरून घसरले. तू म्हणालीस, "घे, तुलाच राहू दे. मला कुठे म्हणायला मिळणार?"

आणि पुढचं लेबल लावलंस.

त्या ओळीवर हॉल कोसळतो, ताई. रोज. बायका आधी हसतात, आणि त्यांच्या शेजारचे नवरे थोडे उशिरा. भाऊजींना ती ओळ कुणाची ते ऐकताक्षणी कळलं असणार. मला त्यांचा राग येतो, खूप येतो. माझ्या विनोदावर चिडले म्हणून नाही. ते घरी येऊन तुला काय बोलले असतील, म्हणून.

तेव्हा ऐक. शनिवारी मी ती ओळ म्हणणार आहे. तुझं नाव कुठेही येणार नाही. तू स्वतः फोन करून, तुझ्या आवाजात 'नको' म्हणालीस, तर त्याच क्षणी काढीन आणि कारणही विचारणार नाही. पण भाऊजींच्या सांगण्यावरून त्यातला एक शब्द हलणार नाही.

पाकिटात माझ्या घराची किल्ली आहे. दुसरी खोली रिकामीच असते. कशाला पाठवलीस म्हणून विचारू नकोस. त्या दिवशी मागच्या खोलीत मीही तुला काही विचारलं नव्हतं.

तुझीच,
आपल्या घरातली दुसऱ्या क्रमांकाची विनोदी बाई