सिसमावरची भुरी

फुलसावंगीजवळचा तांडा
१८ ऑक्टोबर १९५९

तीर्थरूप धरमसिंगमामा यांस,
देवीलालचा शि. सा. न. वि. वि.

मी, बिजली आणि पोर, आम्ही तिघं ठीक आहोत. चिमी सहा महिन्यांची झाली, पालथी पडते. ठीक नाही ती माझी शाळा. तुम्ही तुमच्या रोपवाटिकेतून आणून लावलेलं सिसमाचं झाड आठवतं ना? तांड्याच्या शाळेला इमारत नाही, पोरं त्याच्याच सावलीत बसतात. दसऱ्यापासून त्याची पानं पीठ भुरभुरल्यासारखी पांढरी पडलीत. त्यातच तीन पोरांच्या गालांवर फिके चट्टे उठले. झालं! झाडामुळे पोरांना कोड फुटतंय, अशी हूल उठली. पोरीच्या तोंडावर डाग राह्यला तर तिले कोन पसंत करीन, असं शेजारच्या हंसाबाईने मला भर रस्त्यात विचारलं.

सत्तावीसपैकी पाचच पोरं येतात. तांड्याचे नाईक धावजी दिवाळी झाली की झाड तोडणार आहेत. पुढच्या महिन्यात तपासनीस येतील, शाळा रिकामी दिसली तर बंदच करतील. जीव नुसता टांगणीला लागलाय. चार पानं पाकिटात घातली आहेत, हे काय आहे ते लगेच कळवा. मामींना नमस्कार.

आपला भाचा
देवीलाल


झरी जामणी
२४ ऑक्टोबर १९५९

चि. देवीलाल यास अनेक आशीर्वाद.

पाकीट उघडलं तर पानं थेट मामीच्या पिठाच्या परातीत पडली. मग पानांआधी तिने मलाच झटकलं.

अरे, ही भुरी. झाडाची बुरशी. दव पडू लागलं की येते, थंडीत पानं गळाली की त्यांच्यासोबत जाते. सिसमाची भुरी शेजारच्या लिंबावरसुद्धा चढत नाही, माणसाच्या गालावर कुठून जाईल? मी तीस वर्षं ही पानं हाताळतोय, अजून होतो तसाच काळा आहे. ज्वारीच्या बियाण्याला आपण गंधकाची पूड चोळतो ना, तीच पातळ फडक्यात बांधून सकाळी दवात फांद्यांवर झटक. पोरांचे चट्टे वेगळे, ते दवाखान्यात दाखव.

रजा मिळत नाही, नाहीतर मीच आलो असतो. धावजी कागदाला मानणार नाही, डोळ्यांनी पाहिलं तरच मानेल. बिजलीला आणि चिमीला आशीर्वाद. जपून राहा.

तुझा मामा
धरमसिंग


तांडा
१२ नोव्हेंबर १९५९

तीर्थरूप मामांस शि. सा. न. वि. वि.

तुमचं पत्र मी सगळ्यांना मोठ्याने वाचून दाखवलं. धावजींनी शेवटपर्यंत ऐकलं आणि म्हणाले की कागद झरीचा, पोरं मात्र आमची. मी मान खाली घालून घरी आलो.

दुसऱ्या दिवशी सकाळी बिजलीने चिमीची झोळी उचलली आणि सिसमाच्या सगळ्यांत पांढऱ्या फांदीला बांधली. त्या फांदीला गंधकही लावू दिला नाही. मी आडवा गेलो, तर ज्या मास्तरले सोताच्या पोरीसाठी भेव वाटते त्यानं लोकाईची पोरं कायले मांगावं, असं तिने मला सुनावलं.

पंधरा दिवस झाले, रोज दिवसभर झोळी तिथेच असते. बाया पाण्याला जाताना चिमीचे गाल बघतात. हंसाबाई तर अंगठा ओला करून घासूनही बघते. परवा तिनेच आपल्या पोरीला पाटी देऊन शाळेत पाठवलं. काल तेवीस पोरं होती. झाड तोडायचं धावजी आता बोलत नाहीत.

आता कुणाला सांगता येत नाही ते लिहितो. तांड्यासमोर मी छातीठोक बोलतो, पण रोज उजाडताच, बिजली उठायच्या आत, मी चिमीला दारात नेऊन तिचे गाल पुन्हा पुन्हा पाहतो. आज कानाजवळ पांढरं दिसलं. पुसलं तर भुरीच होती, निघून गेली. तरी मी दोन्ही गाल ओल्या फडक्याने पुन्हा पुसून पाहिले.

मामा, ही भुरी माणसाला लागत नाही, एवढंच परत एकदा तुमच्या हातचं लिहून पाठवा. कार्डावर लिहिलं तरी चालेल.

आपला
देवीलाल