जादाची सतरा मिनिटं

२ नोव्हेंबर
जिंकलो! स्टुडिओचं पत्र आलं. आमच्या राक्षसी वाम माशाच्या सिनेमाची लांबवलेली आवृत्ती डीव्हीडीवर निघाली. सतरा मिनिटं जादा, त्यात माझा कापलेला दलदलीचा सीन! वर्षभरात सात पत्रं पाठवली होती मी. शूटिंगच्या वेळी तराफा खरोखरच उलटला आणि माझ्यासोबतचा नट तामाती बुडत असताना मी त्याला वाचवलं, हे आमच्या अख्ख्या मिरामार उपनगराला सांगून झालंय. आता बघा म्हणावं.

३ नोव्हेंबर, सकाळी ६
झोप नाही. तराफा उलटल्यावर दिग्दर्शक 'कट' ओरडला होता ना? ओरडला असणारच. कॅमेरा बंदच असणार.
घाबरलेलो नाही. विचार करतोय.

६ नोव्हेंबर
स्टुडिओला फोन. म्हटलं, कलेच्या दृष्टीने तो सीन काढा. तिकडची मुलगी हसायलाच लागली. "मिस्टर पर्सेल, सात पत्रं तुमचीच ना?" डिस्क छापून झाल्यात.
दुपारभर माझ्याच पत्रांच्या प्रती वाचत फेऱ्या मारल्या. कॉफी बंद करायची.

९ नोव्हेंबर
बायकोने रविवारी दुपारी तामाती आणि त्याची बायको हुइया यांना सिनेमा बघायला बोलावलंय. मी म्हटलं, रेविन, नको, बिचाऱ्याला तो प्रसंग आठवेल. ती म्हणाली, "आठवतो म्हणूनच तो वर्षभर गप्प आहे, लिंडसे."
म्हणजे काय? विचारायचा धीर झाला नाही. वेळ नव्हता.

११ नोव्हेंबर
प्लेअरवर 'चुकून' चहा सांडला. मेला! रेविनने लगेच तामातीला फोन केला. तो म्हणे, "काळजी नको, आमचा आणतो."

१२ नोव्हेंबर, दुपारी १
ताप आल्याचं जाहीर केलं. रेविन म्हणाली, "ताप सोफ्यावर बसूनही काढता येतो. बस."
दोन ब्लँकेटं ओढून बसलोय. थंडी असेल.

संध्याकाळी ६
कॅमेरा चालूच होता.
तराफा उलटतो. मी तामातीच्या खांद्यावर पाय देतो, मग डोक्यावर, आणि वरच्या फांदीला लटकून "आई गं!" म्हणून किंचाळतो. तामाती पाण्याखाली. अकरा सेकंद. मी मोजले. खोलीत कुणी चिप्ससुद्धा चावेना. मग पाण्यातून एक हात येतो, माझा पाय धरतो, आणि तामाती मला काठावर ओढून नेतो.
हुइया रडत होती. तो इतका वेळ खाली होता, हे त्याने तिला कधी सांगितलंच नव्हतं.
मी म्हणालो, "मी फार घाबरलो होतो रे." हे वाक्य तोंडातून पहिल्यांदाच निघालं.
तामाती पडद्याकडेच बघत होता. "घाबरलो मीपण होतो, लिंडसे. फक्त मी खाली होतो."
शेवटी नामावळी. 'भित्रा खलाशी: लिंडसे पर्सेल.' नाव अगदी बरोबर लिहिलंय.
त्यांना गाडीपर्यंत सोडायला गेलो. सॉरी म्हटलं. वारा फार होता, त्याला ऐकू गेलं नसावं. पुन्हा म्हणायला हवं. जवळ जाऊन.