राखीव खेळाडूची निरवानिरव

मी, मंजुळा उकंडराव पडघान, वय वर्षे एक्केचाळीस, धंदा पूर्वी रेल्वेत कारकुनी व बास्केटबॉल, हल्ली आजारपण, राहणार उंद्री, तालुका चिखली, जिल्हा बुलढाणा, हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने लिहून ठेवते. माझे डोके ठिकाणावर आहे. बिघाड पोटात आहे, आणि तो डॉक्टरांनी कागदावर लिहून दिला आहे. माझ्यावर कोणाचा दबाव नाही. दबाव आणायला घरात दुसरे माणूस लागते, ते इथे नाही. गुलाबराव वकिलांनी बजावले आहे की सगळा मजकूर दीड पानात बसवा. त्यांना माझा नमस्कार. सात वर्षे मी बाकावर गप्प बसण्याचा पगार घेतला; आता थोडे बोलणार.

कलम १. माझ्या तिरडीचे बांबू माप घेऊन आणावेत. माझी उंची पाच फूट अकरा इंच आहे. आजाराने वजन गेले, उंची गेलेली नाही. वसतिगृहाची खाट, आगगाडीचा बाक, सासरच्या नावाने आणून ठेवलेली आणि कधीच न वापरलेली गादी, सगळे मला आखूड पडले. गुडघे मुडपून झोपायची इतकी सवय झाली की आता ते सरळ होताना दुखतात. म्हणून सांगते, शेवटच्या वेळी तरी माझे गुडघे मुडपू नयेत. अग्नी भाऊ इंद्रभानने द्यावा. त्याला यायला उशीर झाला तर थांबू नये.

कलम २. वडिलोपार्जित शेतातला माझा दोन एकरांचा हिस्सा इंद्रभानला द्यावा. तोच तो कसतो, तोच खातो, तेव्हा यात माझे मोठे मन वगैरे काही नाही. एक गोष्ट मात्र लिहून ठेवते. मला बघायला धाड गावचे पाहुणे आले तेव्हा इंद्रभानने मला आधीच सतरंजीवर बसवून ठेवले होते आणि दरडावले होते, "पाव्हणे जाईपर्यंत उठजो नको." मी तासभर बसले. नवऱ्या मुलाच्या आईला ठसका लागला, म्हणून पाणी द्यायला उठले. त्या बाई खालून वर बघत गेल्या, बघतच गेल्या. ठसका तिथेच थांबला. चहा न घेता मंडळी निघाली. पुढे दहा वर्षे इंद्रभान म्हणत राहिला की मंजुळाने एका तांब्यासाठी सोन्यासारखे स्थळ घालवले. हा राग मी त्याच्यावर अजून धरून आहे. वकील म्हणतात, राग मृत्युपत्राने देता येत नाही. मग शेताबरोबर तो न लिहिता गेला असे समजावे.

कलम ३. शिवणयंत्र शेजारच्या जनकाबाईला द्यावे. गेली दोन वर्षे ती मला भाकरी आणून देते आणि माझ्या खेळाबद्दल एक प्रश्न विचारत नाही. पितळी भांडी इंद्रभानच्या बायकोला द्यावीत. कॅनव्हासचे बूट पुरुषी नऊ नंबरचे आहेत, या गावात कोणा बाईच्या पायात बसणार नाहीत, ते जाळावेत.

कलम ४. घराच्या मागच्या भिंतीवर जे लोखंडी कडे बसवले आहे, ते कांद्याची पाटी टांगायला नव्हे. गावाने पाच वर्षे तसा समज करून घेतला आणि मी तो मोडला नाही. ते बास्केटबॉलचे रिंग आहे, जमिनीपासून बरोबर दहा फुटांवर. नोकरी सोडून इथे आल्यावर मी ते भुसावळहून आणून लावले. अंगात जोर होता तोवर रोज सकाळी पन्नास चेंडू टाकायचे. एकट्याने खेळले की चेंडू रिंगमधून गेला तरी आपणच धावायचे आणि चुकला तरी आपणच. पास द्यायला कोणी नसते. मला त्याचा फार कंटाळा येई, आणि तरी सकाळ झाली की मी तिथे उभी. रिंग व चेंडू गावच्या शाळेला द्यावा. मुलींनी खेळावे अशी अट मी घालत नाही. घातली तर रिंग परत येईल.

कलम ५. आता घर. उंद्री येथील माझ्या पगारातून बांधलेले दोन खणांचे घर, ज्याच्या चतुःसीमा पूर्वेस जनकाबाईचे घर, पश्चिमेस बोळ, उत्तरेस रस्ता व दक्षिणेस माझीच पडीक जागा अशा आहेत, आणि ज्याचा दरवाजा साडेसहा फुटी आहे, ते सत्यभामा हिंमतराव इंगळे, राहणार रोहिणखेड, तालुका मोताळा, हिला द्यावे. ती माझी नातेवाईक नाही. इंद्रभान विचारील, ही कोण? म्हणून खुलासा करते.

बुलढाण्याला मुलींच्या वसतिगृहात आम्ही दोघी एका खोलीत होतो. ती पाच फूट दहा इंच, मी तिच्याहून इंचभर जास्त. रस्त्याने जोडीने चाललो की पोरे मागे लागत, पण एकटीने जाण्यापेक्षा ते बरे वाटे. ड्रिलच्या मास्तरांनी आमच्या हाती चेंडू दिला. राज्य नवे झाले त्याच वर्षी आम्हा दोघींना खेळाच्या जोरावर भुसावळला रेल्वेत नोकरी लागली. सकाळी सराव, दुपारी पार्सलच्या नोंदी, संध्याकाळी पुन्हा सराव. खेळून पोट भरणाऱ्या बायका तेव्हा जिल्ह्यात आम्ही दोघीच असू. बाप सांगताना लाजत असे आणि मनीऑर्डर घेताना लाजत नसे.

बास्केटबॉलच्या संघात बारा जणी असतात, मैदानात पाच. अंगावरचे आकडे चारपासून सुरू होतात आणि पंधराला संपतात. पंधरा मी. भामा सेंटरला खेळे, म्हणजे रिंगखाली, उंच मुलीची जागा. मी तिची राखीव. एका जागेला आम्ही दोघी, आणि जागा तिची. मी काही वाईट खेळत नव्हते. ती फार चांगली खेळत होती. सात वर्षे ती मैदानात आणि मी बाकावर तिचे घड्याळ, तिची शाल, तिचे पाणी सांभाळत बसलेली. घरी पत्रात मी "आम्ही जिंकलो" असे लिही. ते खोटे नव्हते.

एकदा तिच्या पोटरीत गोळा आला, तेव्हा मी चार मिनिटे खेळले. मग ती बरी होऊन परत आली, आणि मला वाईट वाटले. ती बरी झाली याचे वाईट वाटले, हे मी स्पष्ट लिहिते. त्यानंतर प्रत्येक सामन्याआधी मी मनात म्हणायचे की आज हिला काहीतरी व्हावे, मोठे नको, थोडेच. जेवताना तिच्या ताटात माझी पोळी वाढायची आणि मनात हे चालायचे. तिच्याइतके माझे जगात कोणी नव्हते.

सन १९६७ मध्ये नागपूरला अंतिम सामना होता, दुपारी चार वाजता. सकाळी नऊला तार आली. भामा मैदानावर गेली होती, म्हणून तिच्या नावाने सही करून मी ती घेतली. आई अत्यवस्थ, ताबडतोब निघा. अकराची गाडी होती. भामा त्या गाडीने गेली असती, तर सामना मी खेळले असते. सात वर्षे जे मागत होते, ते असे घडी घालून हातात आले.

मला स्वतःची भीती वाटली. तार दिली तर सगळ्या जणी म्हणतील, पंधरा नंबरला हेच हवे होते. आणि ते खरे होते. म्हणून मी तार ब्लेझरच्या खिशात ठेवली आणि दिली नाही. लोक समजले की मी कपासाठी दडवली. कप गेला खड्ड्यात. आपण लबाड दिसू नये एवढ्यासाठी मी त्या पोरीची गाडी चुकवली.

भामाने त्या दिवशी बावीस गुण केले. आम्ही तीन गुणांनी जिंकलो. कप तिच्या मांडीवर होता तेव्हा मी तार दिली. तिने तारेवरची वेळ वाचली.

"नऊले आली?"

"हो."

"तुह्याजवळ होती?"

"हो."

तिने कप माझ्या मांडीवर ठेवला आणि उठून गेली. ती दुसऱ्या दिवशी सकाळी रोहिणखेडला पोचली. आई पहाटेच गेली होती. अकराच्या गाडीने भेट झाली असती.

महिन्याभरात धाकट्या भावंडांसाठी तिने नोकरी सोडली. तिची जागा मला मिळाली. लोक जे म्हणतील म्हणून मी तार दडवली, ते लोक म्हणालेच. चार वर्षे मी सेंटरला खेळले आणि त्या चार वर्षांत आमचा संघ एकदाही अंतिम सामन्याला पोचला नाही. भामाला मी चार पत्रे पाठवली. उत्तर आले नाही. बारा वर्षे आमच्यात शब्द नाही. या घराची किंमत तिच्या आईएवढी नाही, हे मला कळते. पण माझ्याकडे दुसरे काही नाही, आणि तिने माझ्या दारातून एकदा तरी मान न वाकवता आत यावे अशी माझी इच्छा आहे.

पुरवणी, सहीच्या दिवशी लिहिलेली. कलम ५ ची नक्कल मी पंधरा दिवसांपूर्वी पोस्टाने रोहिणखेडला पाठवली होती. मेल्यावर तिच्या हाती हे पडावे आणि तिचे तोंड बघायला मी नसावे, हा आणखी एक भित्रेपणा झाला असता. उत्तराची मी वाट बघत नव्हते असे म्हणेन, पण पोस्टमन दिसला की उठून बसत होते.

आज सही करायचे ठरले होते. वकील आले, शाळेचे हेडमास्तर किसनराव साक्षीला आले. दुसरी साक्ष जनकाबाईची धरली होती. वकील म्हणाले, चालणार नाही, तिला शिवणयंत्र मिळते आहे. ज्याला मिळते त्याने साक्ष घातली तर त्याचे मिळणे बुडते. आता दुसरा माणूस कुठून आणायचा, यावर वाद चालू असताना बाराच्या एसटीने भामा आली. दारात उभी राहून तिने सगळे ऐकले. केस निम्मे पांढरे झाले आहेत. उंची तेवढीच आहे.

"मी घालतो साक्ष," ती म्हणाली.

वकील म्हणाले, "बाई, घर तुमच्या नावावर येणार आहे. सही केली तर गेलं."

"ऐकलं मी. द्या इकडे."

मी म्हणाले, "भामे, माफ नको करू. घर तरी घे."

ती माझ्या खाटेशी बसली. वकील आणि हेडमास्तर होते, जनकाबाई होती, पण ती बोलली ते माझ्याशीच.

"माफ कायचं करू, मंजुळे? मायची बिमारी सहा महिन्यांपासून होती. अशी तार आधीबी दोनदा आली होती. तू मले नऊ वाजता तार देली असती ना, तरी मी खेळलीच असती. म्हटलं असतं, सांजच्या गाडीनं जातो. अकराच्या गाडीत मी बसली नसती."

मी खाटेवर उठून बसले.

"मले हे तवाच समजलं, कप मांडीवर होता तवा. मंग तुह्यावर राग धरला. बारा वर्सं धरला. तो होता म्हणून मले घरात तोंड वर करून राहता आलं. आता तुह्यं घर घेऊ, अन् त्याच्यात राहू कशी?"

तिने पेन मागितले. वकिलांनी सांगितले की आधी मृत्युपत्र करणारीची सही लागते, तेव्हा ती थांबली आहे, आणि मी हे घाईने लिहिते आहे. मला रडू आले. हलकेही वाटले. आणि राग आला, फार राग आला, की एवढे एक वाक्य तिने बारा वर्षांत पोस्टकार्डावर का लिहिले नाही. मी तिला तसे विचारले. ती म्हणाली, "तू काऊन नाही लेहलं, की तुले खेळाचं होतं म्हणून?" चारही पत्रांत मी ते लिहिले नव्हते, हे खरे आहे.

आज रहा म्हणाले. मिरचीला पाणी द्यायचे आहे, चारची गाडी आहे, म्हणाली. पुन्हा येईन असे ती म्हणाली नाही आणि मी विचारले नाही.

तिच्या साक्षीमुळे कलम ५ मधले घर आता कोणाचेच नाही. वकील म्हणतात, दुसरे नाव घाला. मी घालणार नाही. ती जागा तिची होती, कायद्याने पुढे जिथे जायची तिथे जावो. वरील मजकूर मी वाचून पाहिला, तो खरा आहे, आणि खाली दोन साक्षीदारांसमक्ष सही करते.

सही : मंजुळा उकंडराव पडघान

साक्षीदार
१. किसनराव अर्जुनराव सपकाळ, हेडमास्तर, उंद्री. ओळख : गावातील.
२. सत्यभामा हिंमतराव इंगळे, शेती, रोहिणखेड. ओळख : मी हिच्या जागेवर खेळत होती.

मुक्काम उंद्री, तालुका चिखली, जिल्हा बुलढाणा
तारीख १४ मार्च १९७९