‘फे’ या शब्दाचं उदाहरण

३ नोव्हेंबर

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

उत्तराला उशीर झाला, रागावू नकोस. आमच्या इंग्रजी-मराठी कोशाच्या कचेरीत सध्या ‘एफ’ अक्षर चालू आहे आणि ते सगळं माझ्या गळ्यात पडलंय. मुख्य संपादक, म्हणजे आमचे कात्रीसाहेब, मागे उभे राहून माझी वाक्यं छाटत असतात. तीस वर्षं झाली, अजून त्यांचं समाधान झालेलं नाही.

तुझ्याकडे एक काम आहे. इंग्रजीत ‘फे’ असं एक लहानसं विशेषण आहे. हल्ली ते फारसं कुणी वापरत नाही. वापरलंच तर जरा हवेत तरंगणाऱ्या, परीकथेतून उठून आल्यासारख्या माणसाला लावतात. पण मूळ अर्थ वेगळा आहे. ज्याचं मरण ठरलेलं आहे, आणि ते जवळ आल्यावर जो एकाएकी विलक्षण आनंदी, तरतरीत होतो, असा माणूस. नुसत्या आजाऱ्याला ते लावत नाहीत आणि नुसत्या खुशीत असलेल्यालाही नाही. शिवाय ते कुणी स्वतःला लावत नाही, बघणारा लावतो. अर्थ मी लिहिला, पण मला तो जाणवत नाही. तू चौतीस वर्षं वॉर्डात काढलीस. असा माणूस तू पाहिलास का?

गुडघ्यांना तेल लावतेस ना? माया कमी करू नकोस.

तुझा धाकटा

९ नोव्हेंबर

चि. धाकट्यास,
अ. आ.

अठ्ठावन्न वर्षांच्या माणसाला चिरंजीव लिहायला मला अजून मजा वाटते. गुडघ्यांचं विचारू नकोस. सुजून भोपळे झालेत. दोन वर्षं मी जिना उतरलेली नाही, खालच्या शिंपीणबाई वर येतात तेवढंच काय ते माणसाचं तोंड दिसतं. चार पावलं चालले की धाप लागते. तेल लावून लावून गुडघ्यांखालच्या उशीचा अभ्रा मात्र मऊ झाला.

तुझा शब्द आम्हाला माहीत नव्हता, पण तो माणूस प्रत्येक नर्सला माहीत असतो. अठरा नंबरच्या खाटेवर एक घड्याळजी होते. तीन आठवडे त्यांनी मान उचलली नव्हती. एका सकाळी उठून बसले, कंगवा मागितला, पोटभर जेवले. मला म्हणाले की तुमचं घड्याळ चार मिनिटं मागे आहे, आणि माझ्या मनगटावरचं काढून घेऊन दुरुस्त करून दिलं. त्यांची बायको आनंदाने रडत होती. दुसऱ्या दिवशी दुपारी तीनला ते गेले. असे मी निदान चाळीस पाहिले. सगळ्यांचं तेच. जाणारा माणूस जायच्या आदल्या दिवशी घरी आल्यासारखा वागतो.

तेव्हापासून कुणी एकदम बरं दिसायला लागलं की मी त्यांच्या नातेवाइकांना बाहेर जाऊ देत नसे. काही तरी निमित्त काढून थांबवून घ्यायची. नातेवाईक मला खाष्ट म्हणायचे.

जेवण वेळेवर कर. आठवण ठेवून असावे.

तुझी ताई

१५ नोव्हेंबर

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

ताई, तू कमाल केलीस. ‘जाणारा माणूस जायच्या आदल्या दिवशी घरी आल्यासारखा वागतो.’ हे वाक्य मी जसंच्या तसं चिठ्ठीवर उतरवलं. आमच्याकडे प्रत्येक शब्दाची एक चिठ्ठी असते: वर शब्द, मध्ये अर्थ, खाली तो भाव दाखवणारं, कुणी तरी खरोखर लिहिलेलं मराठी वाक्य. घरी बसून रचलेलं चालत नाही. कात्रीसाहेबांनी वाचलं आणि चष्मा काढून पुसला. छाटायला काही सापडलं नाही म्हणून ते कष्टी झाले असावेत.

एक कबुली द्यायची आहे. आमच्या कचेरीचा जुना नियम आहे की वाक्य हयात नसलेल्या माणसाचंच घ्यायचं. जिवंत माणूस उद्या आपलं म्हणणं फिरवतो, असं कात्रीसाहेब म्हणतात. त्यामुळे वाक्याखाली मी ‘कै. ताई, खाजगी पत्रातून’ असं लिहिलं. मी जुन्या कौटुंबिक पत्रांतून शोधून काढलं अशी त्यांची समजूत आहे. तुला शब्दकोशात अमर केलं, तेवढ्यासाठी थोडं मारावं लागलं. माफ कर.

चिठ्ठी छापखान्यात, अक्षरांचे खिळे जुळवणाऱ्याकडे गेली. लोभात खंड पडू देऊ नये.

तुझा धाकटा

२२ नोव्हेंबर

चि. धाकट्यास,
अ. आ.

कैलासवासी ताईचे आशीर्वाद घे. तुझं पत्र वाचून मी इतकी हसले की शिंपीणबाई वर धावत आल्या. त्यांनाही सांगितलं. त्या हसल्या नाहीत, पण त्यांना विनोद कळत नाही हे जुनंच आहे.

आता खरी बातमी ऐक. गुरुवारी मी जिना उतरले. कठड्याला हातही न लावता. सकाळी उठले तर सूज नाही, दुखणं नाही, आणि श्वास असा मोकळा की खिडकी उघडी आहे का पाहिलं. कोपऱ्यावरच्या दुकानापर्यंत चालत गेले. दुकानदाराने मला ओळखलं नाही. घरी येऊन सगळे पडदे धुतले. तेलाने काम केलं म्हणावं तर आठवडाभर मी ते लावलंच नव्हतं. उद्या माळा आवरायला काढणार आहे.

तू बारीक होऊ नकोस. कृपा कायम असू दे असं लिहायचं वय तुझं आहे, माझं नाही, तरी लिहिते.

तुझी ताई

२६ नोव्हेंबर

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

तुझं पत्र मी चार वेळा वाचलं. आनंद व्हायला हवा होता. ताई, मला भीती वाटली, ती मी लपवत नाही.

कचेरीत जाऊन ‘फे’चा जुना खण काढला. माझ्याआधी तिघांनी हा शब्द हाताळला होता. तिघांनीही अर्थ लिहून उदाहरणाची जागा कोरी सोडली होती. मधल्या चिठ्ठीच्या पाठीमागे पेन्सिलीने लिहिलं आहे: जिवंत माणसाचे घेऊ नये, घेतले होते. मी आधी तो नियमच समजलो होतो. नियमात ‘घेतले होते’ कशाला असेल? कात्रीसाहेबांना विचारलं. म्हणाले, ते अक्षर त्यांच्या आधीच्या संपादकांचं. कुणाचं वाक्य घेतलं होतं ते त्यांना माहीत नाही.

वाक्य काढून टाकायची विनंती केली. ते नाही म्हणाले. पान बांधून झालंय, एवढं चांगलं उदाहरण ते सोडणार नाहीत. तू डॉक्टरांना आजच दाखव. माळ्यावर चढू नकोस. मी वेडा आहे असं समज, पण एवढं ऐक.

तुझा धाकटा

३० नोव्हेंबर

चि. धाकट्यास,
अ. आ.

तू लहानपणी पडद्याला घाबरायचास, तसाच राहिलास. डॉक्टरीणबाईंकडे मी पायी गेले. त्यांनी नाडी बघितली, पुन्हा बघितली, आणि घरी कुणी सोबत आहे का विचारलं. मी सांगितलं की मला सोबतीची गरज नाही, उलट त्याच दमलेल्या दिसतात. त्यांच्या टेबलावरची फुलदाणी सरळ करून दिली आणि आले.

माळा झाला. नर्सिंगचे पांढरे गणवेश शिंपीणबाईंना फडक्यांसाठी देऊन टाकले. भांडीही बरीच दिली, एकटीला लागतं किती? कपाट रिकामं झाल्यावर खोली एवढी प्रशस्त वाटते. दोनदा वाढून घेऊन जेवते. काल गात होते म्हणे, मला कळलंही नाही, शिंपीणबाईंनी सांगितलं. त्या आता जिन्यात उभ्या राहून माझ्याकडे बघत बसतात. त्यांना काय झालंय कोण जाणे.

सगळं कसं छान आहे रे. लोभ असो.

ताई

४ डिसेंबर

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

घाईत लिहितो. चाळीस माणसं ओळखणाऱ्या तुला स्वतःच्या पत्रात काही दिसत नाही, याचा मला जास्त धसका बसला. कचेरीतून रजा मागितली, ती उद्या छपाई असल्यामुळे मिळाली नाही. मग मी छापखान्यातच ठाण मांडलं. वाक्य निघणार नाही, ‘कै.’ निघणार नाही, पण नाव बदलता येईल असं कात्रीसाहेबांनी शेवटी कबूल केलं. खिळे जुळवणाऱ्याने माझ्यासमोर ‘ताई’ काढलं आणि दुसरं नाव बसवलं. दुपारी पावणेबाराला.

तू कशी आहेस ते उलट टपाली कळव. बरी नसलीस तर फार बरं.

तुझा धाकटा

८ डिसेंबर

चि. धाकट्यास,
अ. आ.

बरी नाही मी, झालास खूष? चार तारखेला सकाळी मी खुर्चीवर उभी राहून जळमटं काढत होते. बाराच्या सुमाराला गुडघे असे ठणकले की खुर्चीवरून उतरायला शिंपीणबाईंना हाक मारावी लागली. धाप परत आली. जेवण जात नाही. आणि माझी चांगली कढई कुणाच्या घरात आहे ते मला आठवत नाही. गणवेशांची फडकी झालीसुद्धा. शिंपीणबाई मात्र तेव्हापासून हसतमुख आहेत, आज तर त्यांनी मला पाय शेकायला पाणी आणून दिलं.

मागची माझी पत्रं आठवते तर अंगावर काटा येतो. ती बाई कोण होती? डॉक्टरीणबाईंच्या टेबलावरच्या फुलदाणीशी माझा काय संबंध? मी वॉर्डात असते तर तिच्या भावाला दारातच अडवून ठेवलं असतं.

तेव्हा तू केलंस ते बरंच केलंस. पण एक नीट सांग. माझं नाव काढून तिथे घातलंस कुणाचं? हयात माणसाचं नाही ना?

काळजी वाटते. लवकर लिही.

तुझी ताई

१३ डिसेंबर

प्रिय ताई,

साष्टांग नमस्कार, आणि एक साधा नमस्कार वर. कसला सुंदर आठवडा गेला म्हणून सांगू. तुला माझी उजव्या हाताची कळ ठाऊक आहे, वीस वर्षांची. गेली. अक्षर बघ, शाळेत असताना तरी एवढं चांगलं होतं का? घरापासून कचेरीपर्यंत चालत जातो. रस्त्यात खांबांवर दिव्यांचे नंबर लिहिलेले असतात हे तुला माहीत होतं? मी सगळे वाचले. कात्रीसाहेबांना काल असा विनोद सांगितला की ते खुर्चीत मागे रेलून हसले. आख्खी कचेरी बघायला जमली.

थंडीचा कोट खिळे जुळवणाऱ्याला देऊन टाकला. त्याला जास्त लागतो. टेबलाचे खण आवरले. ‘एफ’ संपलं आणि ‘जी’ दुसऱ्या कुणाला तरी द्या म्हणून मीच सांगितलं, मला काही घाई नाही.

तू नावाचं विचारलंस. त्यात काही नाही गं. खोटं नाव घालायला गेलो तर कात्रीसाहेब मूळ पत्र दाखव म्हणाले. पत्रावर नावं दोनच होती, एक लिहिणारीचं, एक ज्याला लिहिलं त्याचं. मग वाक्य मुळात धाकट्याचं आहे, ताईने पत्रात नुसतं उतरवलं, असं मी सांगितलं. ते माझं घरचं नाव आहे हे कचेरीत कुणाला माहीत आहे? छापलं गेलं. छान दिसतं पानावर.

आता जेवायला उठतो. दोनदा वाढून घेतलं तरी भूक राहतेच. तुझा लोभ भरपूर पुरला.

धाकटा

१५ डिसेंबर

चि. धाकट्यास,

आशीर्वाद, आणि हा आशीर्वाद नुसता लिहायचा म्हणून लिहिलेला नाही.

तुझं पत्र मी एकदाच वाचलं. मूर्खा, तुला कुणी सांगितलं होतं? मला सहासष्ट वर्षं झाली, माझं सगळं करून झालंय. तू लहान आहेस. तू माझा हात धरून चालायला शिकलास आणि तरी हे करताना मला विचारलं नाहीस. मी हे लिहिताना रडते आहे आणि ते तुला कळावं अशी माझी इच्छा आहे.

ते विशेषण मी तुला लावणार नाही. बघणाऱ्याने लावायचं असतं असं तूच लिहिलंस, आणि तुला बघणारी आता मी एकटीच आहे. कोशात काय छापायचं ते छापोत.

मी निघाले आहे. शिंपीणबाई सोबत येताहेत. जिना मी बसून उतरणार, एकेका पायरीवर, आणि प्रत्येक पायरीला तुला शिव्या देणार. गुडघे असे दुखताहेत की डोळ्यांपुढे अंधारी येते. फार चांगलं लक्षण आहे. उद्या सकाळी तुझ्या दारात असेन. हे मी पोचल्यावरच तुझ्या हाती पडणार, तरी लिहिते: कुणाला काही देऊ नकोस, काही आवरू नकोस, कोट परत माग. कुठेही फिरायला जाऊ नकोस. आनंद वाटला तर वाटू दे, पण बसून राहा.

मी उद्या येणार, मग पत्र का लिहिते, असं शिंपीणबाईंनी विचारलं. हे पत्र मी वाटेत रजिस्टर करून टाकणार आहे. ते तुला परवा मिळेल. रजिस्टर पत्र शेजाऱ्याकडे देत नाहीत, दारात टाकत नाहीत. ज्याच्या नावाचं आहे त्याने स्वतः उठून, पोस्टमनच्या वहीत स्वतःच्या हाताने सही करून घ्यायचं असतं. कैलासवासी माणसाला ते जमत नाही. परवा दुपारी पोस्टमन येईल. मी तुझ्या शेजारी उभी असेन. तू सही करायचीस, धाकट्या. घरचं नाव नाही, पूर्ण नाव लिहायचं, सावकाश.

तुझी ताई