थर्मामीटरवरची लाल रेघ

आबा,

आज रविवार, १६ मे १९९३. दुपारचे साडेचार वाजले आहेत. डाळ मिलला सुट्टी आहे आणि मी मिलच्या अंगणातल्या कडुनिंबाखाली तुमच्या थर्मामीटरसमोर लाल रंगाचा डबा उघडून बसलो होतो. ब्रश तसाच वाळला, म्हणून तो बाजूला ठेवून हे लिहितो.

तुम्ही इथले मुकादम होतात. भर मे महिन्यात पोती उतरवताना एक हमाल कोसळून दगावला, तेव्हा पारा जिथे होता तिथे तुम्ही लाकडी पट्टीवर रेघ ओढली. पट्टीवरचे आकडे तर तेव्हाच पुसट होऊन गेले होते. पारा रेघेवर गेला की तूर वाळवणाऱ्या बायांनी चार वाजेपर्यंत सावलीत बसायचं. मी तेव्हा आठ वर्षांचा होतो, एकदा म्हणालो, "आबा, केसभर तर वर आहे." तुम्ही माझा कान धरलात. "डाळीला ऊन लागतं रे. रेघ माणसासाठी आहे." वर्षातून चार-पाच दिवसच काम थांबायचं. रात्री गच्चीवर पाणी शिंपडलं की पहाटे चादर ओढावी लागे.

तुम्ही गेलात आणि मी दहावी अर्धवट सोडून इथे लागलो, त्याला नऊ वर्षं झाली. आता जळगावात होळीनंतरच भिंती तापतात, त्या पहाटेपर्यंत निवत नाहीत. अकरालाच बाजार ओस पडतो. नळाचं पाणी संध्याकाळीही अंगावर घेववत नाही. मुकादमी माझ्याकडे आली तोवर पारा रोजच तुमच्या रेघेवर जाऊ लागला होता. शेठ म्हणाले, "सूर्य माझं ऐकत नाही, तू तरी ऐक. रेघ वर घे, नाहीतर मी दुसरा मुकादम बघतो." मी पॉलिश पेपरने तुमची रेघ घासून काढली आणि दोन बोटं वर नवी ओढली.

बायांमधल्या थोरल्या अक्का हसल्या. "पारा बी शेठना नोकर व्हयी गया का? रेघना वर जावाले घाबरस!" मग जवळ येऊन हळूच म्हणाल्या, "भाऊ, हाई रेघ तुना आबानीच शे ना?"

मी हो म्हणालो. त्या निमूट उन्हात गेल्या.

यंदा पारा नव्या रेघेवरही चढला. शेठ नुसते माझ्याकडे बघून गेले आणि मी ती पुन्हा वर सरकवली. परवा दुपारी, पारा रेघेच्या खालीच असताना, अक्का वाळत घातलेल्या तुरीवर पालथ्या पडल्या. दवाखान्यात नेईपर्यंत संपल्या. त्यांची मुलगी रडत सगळ्यांना सांगत होती, "रेघ आबानी व्हती. मायना त्या रेघवर भरोसा व्हता." मी तिथेच उभा होतो.

आज रेघ तुमच्या जागी परत न्यायची म्हणून आलो. शेठ काय करतील ते करोत. पण आबा, पहिल्यांदा मी दोन बोटं मोजली होती. दुसऱ्यांदा घाईत मोजलीच नाहीत. लाकूड घासून घासून गुळगुळीत झालं आहे. तुमची रेघ नेमकी कुठे होती, ते मला आता सांगता येत नाही.